चोरीचा राखणदार

टीव्हीच्या कपाटावर जुना लॅपटॉप, झाकण अर्धं उघडं, आणि त्याचा कॅमेरा थेट दिवाणाकडे रोखलेला. दिवाणावर आजी, वय शहाऐंशी. आदल्या पावसाळ्यात त्या न्हाणीघराच्या उंबऱ्याला अडखळून पडल्या आणि दोन तास तशाच पडून राहिल्या, कारण घरात कुणी नव्हतं. आमच्या शेजारचे काका आणि काकू, दोघंही नोकरीला जाणारे. घरातला पडून असलेला लॅपटॉप कामाला लावावा आणि ऑफिसातून अधूनमधून आईकडे नजर टाकता यावी, एवढंच त्यांना हवं होतं.

गल्लीतल्या दुकानातल्या मुलाने तीनशे रुपये घेऊन वेबकॅमवर नजर ठेवणारं एक सॉफ्टवेअर टाकून दिलं. फुल व्हर्जन. मूळ परवान्याला काही हजार रुपये पडतात हे काकांना कुणी सांगितलं नाही आणि त्यांनी विचारलंही नाही. निघताना त्या मुलाने बजावलं, ‘काका, अँटीव्हायरस उगाच ओरडतो, म्हणून बंद केलाय. परत चालू करू नका, नाहीतर हे उडेल.’ काकांनी विसरायला नको म्हणून ते वाक्य कागदाच्या चिठोऱ्यावर लिहिलं आणि लॅपटॉपला चिकटवून ठेवलं. ती चिठ्ठी मी स्वतः वाचली आहे.

सातआठ महिने सगळं सुरळीत चाललं. रेकॉर्डिंगला जागा पुरेना म्हणून घरातली बाहेरची हार्ड डिस्क लॅपटॉपला जोडली गेली. त्याच डिस्कवर घरातले सगळे फोटो होते. मग एक दिवस सॉफ्टवेअर परवाना मागू लागलं. काकांच्या अकरावीतल्या मुलाने नेटवर शोधून परवाना चुकवणारा नवा ‘क्रॅक’ उतरवून घेतला. झिप फाइल, तिला पासवर्ड, आणि तो पासवर्ड शेजारच्याच छोट्या फाइलीत लिहिलेला. त्याने ती चालवली. पडद्यावर विंडोजचं अपडेट चालू असल्यासारखी खिडकी आली, म्हणून तो जेवायला उठून गेला. परत येऊन बघतो तर प्रत्येक फोटोच्या नावापुढे चार अनोळखी अक्षरं लागलेली, एकही फाइल उघडेना, आणि प्रत्येक फोल्डरमध्ये ‘रीडमी’ नावाची चिठ्ठी: ९८० डॉलर द्या, ७२ तासांत संपर्क साधलात तर ४९०.

मला बोलावलं तेव्हा रात्रीचे दहा वाजून गेले होते. माझं काम संगणकाशी, म्हणून शेजारी मला हाक मारतात. या खंडणीखोर प्रोग्रॅमचं नाव ‘स्टॉप’ किंवा ‘डेजावू’. २०१८ पासून तो जगभर फिरतो आहे आणि मुख्यतः क्रॅक केलेल्या सॉफ्टवेअरवर स्वार होऊनच घरात येतो. ती अपडेटची खिडकी खोटी असते. माणूस शांत बसावा आणि मागे फाइलींना कुलपं घालण्याचं काम पुरं व्हावं, यासाठीच ती दाखवतात. चिठ्ठीच्या शेवटी एक लांबलचक ओळखक्रमांक असतो. तो ‘टी वन’ने संपत असेल तर थोडी आशा, कारण मग अनेकांना एकच किल्ली वापरलेली असते आणि ती कधीतरी सापडू शकते. काकांच्या क्रमांकाचा शेवट तसा नव्हता. त्यांच्या फाइलींची किल्ली फक्त त्यांच्यापुरती बनवलेली होती आणि ती चोरांच्या सर्व्हरवर होती.

तेव्हापासून मी हा विषय सोडलेला नाही. चोरीचं कुठलंही सॉफ्टवेअर धोक्याचंच, हे खरं. पण राखण करणारं सॉफ्टवेअरच चोरीचं असणं, हा धोका वेगळ्या जातीचा आहे, आणि तो लोकांपर्यंत पोचलेला नाही.

वेगळ्या जातीचा का, हे समजायला हे सॉफ्टवेअर करतं काय ते पाहावं लागेल. वेबकॅमची सुरुवात फार साध्या गरजेतून झाली. १९९१ साली केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत कॉफीचं एकच भांडं होतं. वेगवेगळ्या मजल्यांवरची मंडळी जिने उतरून यायची आणि भांडं रिकामं दिसायचं. तिथल्या दोघा संशोधकांनी भांड्यावर कॅमेरा रोखला आणि १२८ गुणिले १२८ ठिपक्यांचं काळंपांढरं चित्र आपापल्या पडद्यावर आणलं. १९९३ मध्ये ते चित्र वेबवर गेलं आणि २००१ मध्ये तो कॅमेरा बंद झाला. त्या कॅमेऱ्याने एक भांडं दाखवलं, बाकी काही नाही.

आजचं सॉफ्टवेअर याच्या कितीतरी पुढे गेलं आहे. संगणक सुरू झाला की ते आपोआप सुरू होतं, कुणी लॉगिन केलेलं नसलं तरीही. त्यासाठी ते विंडोजमध्ये सेवा म्हणून बसतं, आणि अशा सेवेला अनेकदा मालकाच्या खात्यापेक्षाही वरचे अधिकार असतात. ते कॅमेरा आणि माइक सतत चालू ठेवतं. घरात दोनचार आयपी कॅमेरे असतील तर त्या प्रत्येकाचा पत्ता आणि पासवर्ड त्याच्याकडे साठवलेला असतो. हालचाल दिसली की ईमेल पाठवायचा, म्हणून ईमेलचा पासवर्डही त्याला दिलेला असतो. बाहेरून बघता यावं म्हणून फायरवॉलमध्ये त्याच्यासाठी फट ठेवलेली असते आणि बऱ्याचदा राउटरमध्ये एक पोर्ट कायमचा उघडा करून ठेवलेला असतो. शिवाय हालचालींची नोंद ठेवणं हेच त्याचं काम असल्यामुळे घर कधी रिकामं असतं, आजी कधी झोपतात, कामवाल्या मावशी किती वाजता येतात, दार कोण उघडतं, हे सगळं त्याच्या वहीत तारीखवार असतं.

एखादं गणिताचं किंवा फोटो सुधारण्याचं सॉफ्टवेअर चोरीचं असेल आणि त्यात कुणी घुसखोर दडलेला असेल, तर त्याला हे सगळं मिळवायला धडपड करावी लागते. त्या धडपडीत तो पकडला जाण्याची शक्यता असते. फोटोंचं सॉफ्टवेअर अचानक कॅमेरा चालू करू लागलं, रात्री दोन वाजता ढीगभर माहिती बाहेर पाठवू लागलं, तर अँटीव्हायरसला संशय येतो, आपल्यालाही येतो. नजर ठेवणारं सॉफ्टवेअर मात्र हेच रोज करतं. कॅमेरा चालू असणं, रात्रंदिवस व्हिडिओ बाहेर जाणं, पडद्यामागे गुपचूप चालत राहणं, हेच त्याचं रोजचं काम. चोर आणि राखणदार यांचा वेश एकच असल्यावर चोर ओळखायचा कसा? कॅमेऱ्याशेजारचा छोटा दिवा आपल्याला सावध करण्यासाठी असतो. इथे तो दिवा चोवीस तास लागलेलाच असतो, त्यामुळे तो काहीच सांगत नाही. काकांच्या लॅपटॉपचा दिवा आठ महिने लागलेला होता. त्या आठ महिन्यांत ते चित्र काकांखेरीज आणखी कुणी पाहिलं का, हे आता कुणीही सांगू शकत नाही.

क्रॅक म्हणजे नेमकं काय करतात, हेही एकदा जवळून बघण्यासारखं आहे. सॉफ्टवेअर सुरू होताना परवाना तपासतं. ही तपासणी यंत्रभाषेत शेवटी एका छोट्या फाट्यावर येऊन थांबते: अमुक जुळलं तर इकडे जा, नाही तर तिकडे. इंटेलच्या घराण्यातल्या प्रोसेसरमध्ये ‘जुळलं तरच उडी घे’ या आज्ञेचा सोळा-आधारी आकडा ७४ असतो आणि ‘काहीही असो, उडी घे’ याचा ईबी. लाखो आकड्यांच्या फाइलीत ७४ च्या जागी ईबी लिहिला की परवान्याची तपासणी नावापुरती उरते. एक बाइट बदलला, काम झालं. सगळ्याच सॉफ्टवेअरांचं कुलूप इतकं साधं नसतं, पण जात हीच.

आता मूळ कंपनीने फाइलीवर स्वतःची डिजिटल सही केलेली असते आणि ती सही फाइलीतल्या प्रत्येक बाइटशी बांधलेली असते. एक बाइट बदलला तरी सही मोडते. म्हणूनच क्रॅक केलेली फाइल चालवताना विंडोज पिवळ्या पट्टीची खिडकी दाखवून सांगतं की हिचा प्रकाशक अनोळखी आहे. फाइलीवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये ‘डिजिटल सिग्नेचर्स’ हे पान आहे का आणि तिथली सही ग्राह्य आहे का, हे कुणालाही अर्ध्या मिनिटात बघता येतं. सही मोडली की ज्याने एक बाइट बदलला त्याने आणखी दहा हजार बदलले नसतील, याची खात्री देणारं कुणी उरत नाही. आपण त्या अनोळखी माणसाच्या शब्दावर विसंबून असतो, आणि त्याचं नावही आपल्याला ठाऊक नसतं.

पुष्कळदा त्या झिपमध्ये क्रॅक नसतोच. तुम्हाला हवं असलेलं सॉफ्टवेअर हे फक्त आमिष असतं. झिपला पासवर्ड घालण्याचं कारणही तेच: कुलूपबंद फाइलीच्या आत ईमेल सेवेचा किंवा ब्राउझरचा तपासनीस डोकावू शकत नाही. कधी आतल्या फाइलीत नुसती शून्यं भरून ती सातशे एमबीपर्यंत फुगवतात, कारण इतक्या मोठ्या फाइली अनेक तपासण्या सोडून देतात. आणि सोबतच्या सूचनेत पहिली ओळ ठरलेली: आधी अँटीव्हायरस बंद करा. घरफोड्याने दारावर चिठ्ठी लावावी की आत येण्याआधी कुत्रा बांधून ठेवा, तसंच हे. क्रॅकवर अँटीव्हायरस नेहमीच ओरडतो, हे लोकांना अनुभवाने माहीत झालेलं आहे, आणि नेमक्या या सवयीचा चोर फायदा घेतात. खरं ओरडणं आणि सवयीचं ओरडणं यातला फरकच माणूस विसरून गेलेला असतो.

जून २०२१ मध्ये अवास्ट या अँटीव्हायरस कंपनीने ‘क्राकोनोश’ नावाच्या घुसखोराची माहिती प्रसिद्ध केली. चेक लोककथांतल्या एका पर्वतदेवाचं हे नाव. क्रॅक केलेल्या खेळांतून तो निदान २०१८ पासून पसरत होता आणि जगभरातल्या २ लाख २२ हजारांहून अधिक संगणकांवर सापडला. त्यातले तेरा हजारांहून जास्त भारतातले. लोकांच्या विजेवर आणि प्रोसेसरवर त्याने चोरांसाठी सुमारे वीस लाख डॉलरचं मोनेरो हे आभासी चलन खणून काढलं होतं. पण मला त्याची एक गोष्ट सगळ्यांत भयंकर वाटते. तो संगणकाला सेफ मोडमध्ये सुरू करायला लावायचा, जिथे अँटीव्हायरस चालत नाही, तिथे विंडोजचा डिफेंडर पुसून टाकायचा, विंडोजची अपडेट्स बंद करायचा, आणि मग डिफेंडरचं हिरव्या खुणेचं चिन्ह पडद्याच्या कोपऱ्यात पुन्हा आणून ठेवायचा. घरातला माणूस ती हिरवी खूण बघून निर्धास्त राहायचा. राखणदार कधीच गेलेला, मागे फक्त त्याचा फेटा खुंटीला टांगलेला.

एका घराचं नुकसान एका घरापुरतंच राहत नाही, हे दाखवणारी घटनाही त्याच वर्षीची. युरोपातल्या एका जैवरेणू संशोधन संस्थेवर ‘र्‍यूक’ या खंडणीखोर प्रोग्रॅमचा हल्ला झाला. सोफोस या सुरक्षा कंपनीच्या माणसांनी मागे मागे जात त्याचं मूळ शोधलं, तर ते एका विद्यार्थ्याच्या घरच्या लॅपटॉपवर निघालं. त्याला माहितीचे आलेख काढणारं एक सॉफ्टवेअर हवं होतं. परवाना वर्षाला शेकडो डॉलरचा. त्याने क्रॅक उतरवला. डिफेंडरने अडवलं, तर त्याने डिफेंडरही बंद केला आणि फायरवॉलही. क्रॅक चाललाच नाही. चालला तो माहिती चोरणारा प्रोग्रॅम. तो दाबलेल्या कळा टिपत राहिला, ब्राउझरमधल्या लॉगिनच्या खुणा गोळा करत राहिला, आणि कधीतरी त्याच्या हाती संस्थेच्या नेटवर्कचा पासवर्ड लागला. तेरा दिवसांनी कुणीतरी त्याच विद्यार्थ्याच्या नावाने संस्थेत दुरून लॉगिन केलं. आणखी दहा दिवसांनी र्‍यूक सुटला. संस्थेचं आठवडाभराचं संशोधन कायमचं गेलं, कारण बॅकअप अद्ययावत नव्हता. त्या विद्यार्थ्याचा हेतू वाईट नव्हता. काकांच्या मुलाचाही नव्हता.

या माहितीचोर प्रोग्रॅमबद्दल एक गोष्ट समजून घ्यायला हवी, कारण ‘ओटीपी आहे ना, मग काय होणार’ असं मी रोज ऐकतो. तुम्ही एकदा लॉगिन केलं की ईमेल किंवा इतर सेवा ब्राउझरमध्ये एक छोटी खूण ठेवतात: हा माणूस तपासून आत घेतलेला आहे, पुन्हा विचारू नका. चोर तीच खूण उचलून नेतो आणि स्वतःच्या ब्राउझरमध्ये बसवतो. मग त्याला पासवर्डही लागत नाही आणि ओटीपीही विचारला जात नाही. ईमेल एकदा हाती आलं की बाकीच्या सगळ्या खात्यांचे पासवर्ड तिथूनच बदलता येतात.

आणि चित्रं? कॅमेऱ्यातली चित्रं चोरणं हा कितीतरी वर्षांचा धंदा आहे. ‘ब्लॅकशेड्स’ नावाचं साधन चाळीस डॉलरला मिळायचं. विकत घेणाऱ्याला दुसऱ्याच्या संगणकाचा पूर्ण ताबा मिळायचा, कॅमेऱ्यासकट. मे २०१४ मध्ये एफबीआय आणि युरोपातल्या पोलिसांनी १९ देशांत धाडी घालून नव्वदहून अधिक माणसं पकडली, तेव्हा कळलं की शंभरावर देशांतल्या पाच लाखांहून जास्त संगणकांत ते शिरलेलं होतं. त्याच्या आदल्या वर्षी अमेरिकेत ‘मिस टीन यूएसए’ ठरलेल्या तरुणीला तिच्याच खोलीतली छायाचित्रं पाठवून धमकावणारा एकोणीस वर्षांचा मुलगा पकडला गेला होता. तो तिच्याच शाळेत शिकलेला. त्याला अठरा महिन्यांची कैद झाली. कॅमेऱ्याचा दिवा कधी लागलाच नव्हता, असं तिने सांगितलं. जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातल्या दोघांनी २०१३ मध्येच दाखवून दिलं होतं की अ‍ॅपलच्या २००८ पूर्वीच्या लॅपटॉपमध्ये दिवा न लावता कॅमेरा चालवता येतो.

हे सगळं दूरदेशीचं वाटत असेल तर फेब्रुवारी २०२५ आठवा. राजकोटच्या एका प्रसूतिगृहातल्या तपासणीच्या खोलीतली सीसीटीव्ही दृश्यं यूट्यूब आणि टेलिग्रामवर फिरू लागली. उपचारासाठी आलेल्या बायकांची दृश्यं, आणि ती पैसे घेऊन विकली जात होती. गुजरात पोलिसांनी ज्यांना अटक केली त्यांतले काही आपल्या लातूर आणि सांगलीकडचे होते. तिथे चोरीचं सॉफ्टवेअर नव्हतं. तिथे कॅमेऱ्यांच्या यंत्रणेत बाहेरून शिरकाव झाला होता. ही घटना इथे सांगण्याचं कारण वेगळं आहे. घरातल्या, दवाखान्यातल्या, कपडे बदलण्याच्या खोलीतल्या चित्रांना बाजार आहे आणि तो बाजार आपल्या गावापर्यंत पोचलेला आहे. ‘आमच्या घरात बघण्यासारखं आहे काय’ हे वाक्य यापुढे कुणी उच्चारू नये.

सरकारने एप्रिल २०२५ पासून देशात विकायच्या सीसीटीव्ही कॅमेऱ्यांना मान्यताप्राप्त प्रयोगशाळेतली सुरक्षा चाचणी सक्तीची केली, हे चांगलं झालं. पण ती चाचणी कॅमेऱ्याची. लॅपटॉपवर टाकलेल्या क्रॅक केलेल्या सॉफ्टवेअरची चाचणी कुणीही घेत नाही.

समजा नशिबाने तुमच्या क्रॅकमध्ये घुसखोर नव्हता. तरी प्रश्न सुटत नाही. परवान्याची चोरी उघड होऊ नये म्हणून क्रॅक सर्वांत आधी सॉफ्टवेअरचा मूळ कंपनीशी असलेला संपर्क तोडतो. विंडोजमध्ये ‘होस्ट्स’ नावाची एक साधी फाइल असते. तिच्यात कंपनीच्या सर्व्हरचा पत्ता चुकीचा लिहून ठेवला की सॉफ्टवेअर स्वतःलाच फोन लावत बसतं. यामुळे परवाना विचारला जात नाही, आणि दुरुस्त्याही येत नाहीत. बाकी जगात त्या सॉफ्टवेअरमधली भोकं बुजवली जातात, तुमच्याकडची तशीच राहतात. त्यात बाहेरून बघता यावं म्हणून पोर्ट उघडा. शोडान नावाचं एक शोधयंत्र २००९ पासून इंटरनेटला जोडलेल्या यंत्रांची यादी करत आलं आहे. वेबकॅमच्या जुन्या सॉफ्टवेअरचं नाव त्यात टाकलं की पासवर्ड नसलेले किंवा कंपनीने दिलेलाच पासवर्ड ठेवलेले कॅमेरे रांगेने समोर येतात. कुणाचं गोदाम, कुणाचं दुकान, कुणाचा पाळणा. बघायला कसलंही कौशल्य लागत नाही.

कायद्याचंही बोलायला हवं. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं कलम ६३ ब अगदी स्पष्ट आहे: सॉफ्टवेअरची प्रत बेकायदा आहे हे माहीत असून ती संगणकावर वापरली, तर सात दिवसांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आणि पन्नास हजारांपासून दोन लाखांपर्यंत दंड. वापर धंद्यासाठी नसेल तर न्यायालय कैद टाळू शकतं. म्हणजे काकांना कदाचित सूट मिळेल, पण दुकान, दवाखाना, क्लास किंवा वसतिगृह चालवणाऱ्याला तो आधार नाही. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६६ ई दुसऱ्याच्या शरीराची खासगी दृश्यं संमतीवाचून टिपणाऱ्याला आणि पसरवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद सांगतं. पण कायद्याच्या आधी माणुसकी येते. कॅमेऱ्यासमोर आपण एकटे नसतो. कामवाल्या मावशी असतात, शिकवणीला येणारी मुलं असतात, दवाखान्यात रुग्ण असतात. त्यांनी आपल्यावर विश्वास टाकलेला असतो. आपण वाचवलेल्या काही हजारांची किंमत त्यांनी का मोजावी? कुंपणच शेत खातं म्हणतात. इथे ते कुंपण आपण स्वतः, चोराकडून आणून घातलेलं असतं.

आणि वाईट वाटतं ते याचं की चोरीची गरजच नव्हती. झोनमाइंडर हे सॉफ्टवेअर लिनक्सवर कित्येक वर्षं फुकट आणि उघड्या संहितेसह मिळतं. एका माणसाच्या गॅरेजमधली अवजारं चोरीला गेली, म्हणून त्याने ते स्वतःपुरतं लिहायला घेतलं होतं. फ्रिगेट आहे. विंडोजवर कॉन्टाकॅम आहे. जे बनवतात तेच ते फुकट वाटतात, आणि त्यांच्याच संकेतस्थळावरून घेतलं तर कुणाचं काही चोरावं लागत नाही. थोडं डोकं लावून बसवावं लागतं, पहिला दिवस कटकटीचा जातो, हे मान्य. काकांकडे आम्ही कॉन्टाकॅम बसवायला एक रविवार घालवला. कॅमेरा आता दिवाणाकडे नाही, न्हाणीघराबाहेरच्या बोळाकडे आहे, कारण आजींनीच विचारलं, ‘मी झोपलेली बघून तुम्हाला काय मिळतं रे? पडले तर बघा.’ हा प्रश्न आम्ही कुणीच आधी विचारला नव्हता.

आपल्या संगणकावर असं चोरीचं सॉफ्टवेअर असेल तर ते नुसतं काढून टाकून भागत नाही. सॉफ्टवेअर निघतं, सोबत आलेला पाहुणा राहतो. आधी तो संगणक इंटरनेटपासून तोडा. मग दुसऱ्या स्वच्छ फोनवरून पासवर्ड बदला. सुरुवात ईमेलपासून करा आणि ‘सगळ्या उपकरणांवरून साइन आउट’ हे बटण विसरू नका, नाहीतर चोरलेली ती खूण चालूच राहील. आयपी कॅमेऱ्यांचे आणि राउटरचे पासवर्ड बदला, राउटरमध्ये उघडा ठेवलेला पोर्ट बंद करा. फोटो आणि कागदपत्रं तेवढी बाजूला काढा, प्रोग्रॅमच्या फाइली घेऊ नका, आणि विंडोज नव्याने टाका. पैसे गेले असतील तर १९३० या क्रमांकावर लगेच फोन करा. पहिल्या काही तासांत केलेल्या तक्रारीलाच खरा अर्थ असतो. चित्रं वापरून कुणी धमकावत असेल तर राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार नोंदवा, आणि पुरावा म्हणून आलेले संदेश पुसू नका. खंडणी देऊ नका. २०१६ मध्ये युरोपोल, डच पोलीस आणि काही सुरक्षा कंपन्यांनी सुरू केलेल्या ‘नो मोअर रॅन्सम’ या संकेतस्थळावर अनेक खंडणीखोर प्रोग्रॅमच्या किल्ल्या फुकट मिळतात. स्टॉपच्या १४८ जुन्या प्रकारांवर एमसिसॉफ्ट या कंपनीने २०१९ मध्ये तोड काढली आहे.

काकांचा प्रकार त्यांत बसत नाही. आजोबांचे शेवटच्या वर्षातले फोटो, आजींच्या सहस्रचंद्रदर्शनाचे फोटो, सगळे त्या डिस्कवर आहेत आणि एकही उघडत नाही. डिस्क मी पुसू दिली नाही. ती वर्तमानपत्रात गुंडाळून कपाटात ठेवली आहे, कारण अशा किल्ल्या कधीकधी वर्षांनी सापडतात.

तुमच्याही घरात, दुकानात किंवा गावाकडे आईवडिलांच्या खोलीत असा एखादा लॅपटॉप दिवा लावून बसलेला असेल, आणि त्याच्यातलं सॉफ्टवेअर कुणी टाकून दिलं हे नीट आठवत नसेल, तर उद्यावर ढकलू नका. आज रात्री झोपण्याआधी त्याचं नेट बंद करा.